फरशीची साक्ष

फरशीने प्रणिता खोडकेचं नाव घेतलं, तेव्हा प्रणिता तिथून साठ पावलांवर, कर्मचारी बायकांच्या स्वच्छतागृहात, दाराला पाठ लावून उभी होती. एका हातात दूध काढायचा छोटा पंप, दुसऱ्या हातात ओळखपत्राच्या मागे दडवलेला जुईचा फोटो. फोटोकडे बघितलं की दूध लवकर उतरतं, असं दवाखान्यातल्या सिस्टरने सांगितलं होतं आणि ते खरं होतं. जुई सात महिन्यांची होती. प्रणिता कामावर परतून महिना झाला होता, पण तिचा अर्धा जीव घरीच असायचा. सासूबाईंनी पेज गार करून भरवली असेल ना? परवाची सर्दी छातीत तर उतरली नसेल ना?

दुपारी दोन वाजून बारा मिनिटांनी भोंगा वाजला. पंप पिशवीत कोंबून ती धावत बाहेर आली.

निंबखेडी महिला कारागृहाचं आतलं दार सताड उघडं होतं. आतलं आणि बाहेरचं अशा दोन दारांच्या मधल्या चौकीत पहाऱ्यावरच्या इंगोले मावशी पालथ्या पडल्या होत्या. शेजारी स्वयंपाकघरातला दगडी वरवंटा, रक्ताने माखलेला. भाजीची ढकलगाडी आडवी पडलेली. बाहेरच्या दाराची कळ दाबून दोघी कैदी पसार झाल्या होत्या: फसवणुकीच्या नऊ खटल्यांतली जयमाला आणि तिची सावलीसारखी साथीदार पारू.

"मावशी! डोळे उघडा मावशी, मी आहे, प्रणिता!"

मावशींनी एक डोळा किलकिला केला, तिच्याकडे बघितलं आणि मान फिरवली. वेदनेने फिरवली असेल, असं तेव्हा प्रणिताला वाटलं.

त्या फरशीबद्दल सांगायला हवं. चार वर्षांपूर्वी राज्यातल्या अकरा तुरुंगांत ती बसवली गेली. वरून साधी राखाडी फरशी. खाली मात्र दर वीतभर अंतरावर नाण्याएवढं एक यंत्र, जमिनीतली कंपनं टिपणारं. माणूस चालतो तेव्हा आधी टाच आपटते, मग वजन पुढे सरकतं, मग चवडा रेटा देतो, आणि या तिन्हींमधला वेळ, जोर, डाव्या-उजव्यातला फरक प्रत्येकाचा वेगळा असतो. आपण जिन्यावरची पावलं ऐकून कोण आलं ते सांगतो, तेच हे यंत्र हजारपट बारकाईने करायचं. कार्ड चोरता येतं, बेशुद्ध माणसाचं बोट दाबता येतं, पण दुसऱ्याची चाल चोरता येत नाही, असं कंपनीचं म्हणणं होतं. कर्मचारी दाराशी आला की कोपऱ्यातला आवाज त्याचं नाव घेई, "ओळख पटली" म्हणे आणि दार सरके. कैदी एकटी आली तर भोंगा वाजे. कैदीसोबत कर्मचारी असला तर मात्र फरशी गप्प राही, कारण कैद्यांना कोर्टात, दवाखान्यात न्यावंच लागतं.

आणि त्या दुपारी दोन वाजून दहा मिनिटांनी फरशीने नोंदवलं होतं: शिपाई प्रणिता खोडके, सोबत कैदी पारू. ओळख पटली. दार उघडलं.

*

चौथ्या दिवशी प्रणिताला अटक झाली. तोवर जयमाला आणि पारू शेजारच्या जिल्ह्यातल्या बसस्थानकावर सापडल्या होत्या. पारूने जबाब दिला, "दार आपोआप उघडलं साहेब. आम्हाले वाटलं, देवच पावला." जयमालाने तोंडच उघडलं नाही.

"देव नाही, खोडके पावली," तपास अधिकारी म्हणाले आणि स्वतःच हसले.

त्यांचा तर्क सरळ होता. जयमालाची पावलं दाराआधी फरशीवर कुठेच नव्हती, म्हणजे ती पारूच्या ढकलगाडीत गोण्यांखाली दडून आली. प्रणिताने दोघींना दारापर्यंत आणलं, फरशी गप्प ठेवली आणि मावशींच्या डोक्यात वरवंटा बसल्यावर पळत आत जाऊन नाटक केलं. कलमं लागली ती कट, कैद्यांना पळून जायला मदत आणि खुनाचा प्रयत्न. शिक्षा दहा वर्षं तरी.

"तुम्ही होतात कुठे?" अधीक्षक बोरगावकरांनी विचारलं होतं.

"स्वच्छतागृहात. दूध काढत होते."

"पंधरा मिनिटं?" ते शेजारच्या कारकुनाकडे बघून हसले. "डेअरी काढलीय का?"

अंगावर पिणारं मूल म्हणून तिला जामीन मिळाला. घरी येऊन तिने जुईला घट्ट धरलं, इतकं की पोर रडायला लागली. प्रणिताने आतली मुलं पाहिली होती. सहा वर्षांपर्यंतचं मूल आईबरोबर तुरुंगात राहू शकतं, असा नियम आहे. अशी नऊ मुलं निंबखेडीत होती. त्यातल्या चार वर्षांच्या एका मुलीने रस्त्यावरून जाणारा बैल कधी पाहिला नव्हता. चित्रातला बैल दाखवला तर तिने विचारलं होतं, "याची बराक कोणती?" तेव्हा सगळ्या शिपाई बायका हसल्या होत्या. प्रणिताही हसली होती. आता ते वाक्य तिला कपडे वाळत घालताना, भाजी निवडताना, कधीही ऐकू यायचं.

सर्वांत जास्त लागलं ते मावशींचं. कलावती इंगोले, सव्वीस वर्षांची नोकरी. प्रणिताला पहिल्या दिवशी काठी कशी धरायची ते त्यांनीच शिकवलं, डोहाळजेवणात सगळ्यांत मोठ्याने गाणी म्हटली ती त्यांनीच. डाव्या कानाने आता त्यांना ऐकू येत नव्हतं. प्रणिता दवाखान्यात गेली तेव्हा त्या भिंतीकडे तोंड करूनच बोलल्या.

"माझी पाठ होती दाराकडे. आवाज आला, शिपाई प्रणिता खोडके, ओळख पटली. मी काहून वळून पाहू? माझी पोरगीच येऊन राह्यली म्हटलं. म्हणून नाही वळली."

"मावशी, मी नव्हते हो."

"मग कोन होतं? तुह्या पायानं चालनारं दुसरं कोन होतं?"

*

दोषारोपपत्र दाखल झाल्यावर बोरगावकरांनी तिला बोलावलं. चहा मागवला. कंपनीचा एक माणूसही बसला होता, टाय लावलेला, दर दोन वाक्यांनी "मॅडम" म्हणणारा.

"असं लिहून द्या," बोरगावकर म्हणाले, "की मी दाराशी होते, पण जयमालाने धमकावल्यामुळे घाबरले. धाकाखाली केलं म्हटलं की कट राहत नाही. वर्षभराची शिक्षा, कदाचित तीही नाही. नोकरीचंही पुढे बघता येईल."

"पण मी दाराशी नव्हतेच."

"मॅडम, फरशी चुकत नाही," टायवाला म्हणाला. "लाखात एखादी चूक, बस."

घरी हर्षल, तिचा नवरा, रात्रीच्या जेवणाचं ताट तसंच ठेवून म्हणाला, "दे ना लिहून. दहा वर्षं कुठे आणि एक कुठे! जुईकडे बघ जरा."

"तिच्याकडेच बघतेय. तुझा विश्वास आहे ना माझ्यावर?"

तो क्षणभर थांबला. फक्त क्षणभर, पण प्रणिताला तो दिसला. हल्ली तिला सगळंच दिसायचं. "तसं नाही गं. पण यंत्र कशाला खोटं बोलेल?"

सासूबाई आतून जुईला थोपटत बाहेर आल्या. सून नोकरीवर परतली तेव्हा महिनाभर त्यांनी तोंड फुगवलं होतं. "हर्षल, जे केलं नाही ते केलं म्हणून लिहून द्यायचं? उद्या पोरगी मोठी झाल्यावर तूच सांगशील का तिला, तुझी आई घाबरून फितूर झाली होती म्हणून? मी नाही सांगणार. प्रणिता, तू जेव आधी. अंगावर पाजतेस, उपाशी राहू नको."

*

वकील फरीदा तांबोळी यांचं ऑफिस झेरॉक्सच्या दुकानावर होतं. त्यांनी आधी स्पष्ट सांगितलं, "अशा सतरा केसेस पाहिल्या मी. फरशी म्हणाली की कोर्ट मान डोलावतं. मला तर्क नको, वस्तू दे."

प्रणिता बी.एस्सी. होती, पण त्या दुपारी तिला उपयोगी पडलं ते कॉलेज नव्हे, गिनती. तुरुंगात दिवसातून पाच वेळा कैद्यांची मोजणी होते. आत किती, बाहेर किती, दवाखान्यात किती, कोर्टात किती, आणि बेरीज जुळेपर्यंत कुणी घरी जात नाही. सहा वर्षं तिने हेच केलं होतं. पोलिसांनी दोषारोपपत्राला दाराजवळच्या नोंदींचं एकच पान जोडलं होतं. ते बघून तिचं बोट आपोआप मोजायला लागलं.

"फरीदाताई, दाराशी आले दोन. मी आणि पारू. दारातून बाहेर गेले दोन. पारू आणि जयमाला. मग मी कुठे गेले?"

"आत पळालीस, असं ते म्हणतात."

"आत पळाले तर पावलं उमटतील ना! या पानावर मी दाराशी येते आणि संपते. आणि जयमाला दारापलीकडे सुरू होते. आम्हाला अशी बेरीज चालत नाही. मला सगळ्या इमारतीची नोंद हवी."

फरीदाताईंनी चष्मा काढला. "पुन्हा सांग."

कंपनीने नोंद द्यायला दीड महिना टाळाटाळ केली. न्यायालयाने दम भरला तेव्हा ती आली. सगळ्या वऱ्हांड्यांच्या नोंदी होत्या, पण कुणी मागितल्याच नव्हत्या. यंत्राला विचारलं होतं ते एवढंच, की दाराशी कोण होतं. एक वाजून छप्पन्न मिनिटं: प्रणिता खोडके, स्वच्छतागृहाकडे. दोन वाजून दहा: प्रणिता खोडके, स्वयंपाकघराच्या वाटेने दाराशी. दोन वाजून तेरा: प्रणिता खोडके, स्वच्छतागृहातून बाहेर.

"आत गेलीस, बाहेर न येता स्वयंपाकघरात उगवलीस, दारापर्यंत चाललीस, मग उडत परत गेलीस," फरीदाताई म्हणाल्या. "पंख आहेत का गं तुला?" आणि पहिल्यांदाच दोघी खळखळून हसल्या.

पण हसू टिकलं नाही. सरकारी वकील घुगे म्हणणार, वऱ्हांड्यातलं यंत्र त्या दिवशी बिघडलं असेल, दाराचं ठीक होतं. फरशीने जयमालाला प्रणिता का म्हटलं, हे सांगता यायला हवं होतं.

ते उत्तर सरकारी दवाखान्यात मिळालं, लसीकरणाच्या रांगेत. जुई मांडीवर, समोर बाकांच्या दोन ओळी, आणि मधून बायका ये-जा करत होत्या. बाळ कधी रडेल, सुई कशी टोचतील या काळजीत प्रणिता सगळ्यांकडे बघत बसली होती. बघता बघता ती मनातल्या मनात सांगू लागली: ही पाचव्यात, ही आठव्यात, हिचे दिवस भरलेत. उंच, बुटकी, सडपातळ, कुणीही असो, आठव्या महिन्यात सगळ्यांची चाल एक होत होती. पावलं फाकलेली, पाठ मागे रेललेली, टाच जपून टेकलेली. पुढचं ओझं शरीर असंच तोलतं.

आणि तिला आठवलं. दर तीन वर्षांनी सगळ्यांची नोंद नव्याने होते, तशी फरशीवर तिची नोंद झाली तो दिवस. ती सात महिने पूर्ण होऊन आठव्यात होती. नोंदणी करणाऱ्या मुलाला संध्याकाळपर्यंत नव्वद जण संपवायचे होते. "मी अशी नेहमी चालत नाही हो," ती म्हणाली होती. "चाला ताई, पुढच्या वेळी बघू," तो म्हणाला होता. बाळंतपणाच्या रजेवरून परतली तेव्हा फरशी तिला ओळखेना. नव्याने नोंदणी करायची तर मुख्यालयाची मंजुरी हवी, त्याला दोन-तीन महिने. मग त्याच मुलाने तिच्या नोंदीपुरती तपासणी ढिली करून दिली. "आता नाही अडणार," तो म्हणाला होता, आणि तिने त्याला थँक्यू म्हटलं होतं.

तिच्या नावाचं जाळं इतकं मोठं झालं होतं, की पुढे ओझं घेऊन चालणारी कुणीही बाई त्यात सापडली असती. जयमालाने वरवंटा, भिंत चढायला चादरींचा दोर आणि बदलायचे कपडे साडीआड पोटाला बांधले असतील तर? ती गाडीत नव्हतीच. ती चालत आली होती, दार अवचित उघडलं होतं, आणि पलीकडे ओझं सोडल्यावरच फरशीने तिला जयमाला म्हणून ओळखलं होतं.

तिने रांगेतूनच फोन लावला. "फरीदाताई, जयमाला गरोदर होती!"

"काय?"

"म्हणजे तशी नव्हती. ऐका."

*

न्यायाधीश देवस्थळी यांनी जागेवर जाऊन पाहणी करायचं ठरवलं. फरशी घटनेच्या दिवशीच्याच स्थितीत सील करून ठेवलेली होती. दाराजवळ बोरगावकर, टायवाला, घुगे, जयमालाच्या बांध्याची एक महिला पोलीस आणि खुर्चीवर, दाराकडे पाठ करून, इंगोले मावशी. साक्षीदार म्हणून त्यांना त्यांच्या जुन्या जागीच बसवलं होतं. सासूबाई जुईला घेऊन बाहेरच्या झाडाखाली होत्या. तिचं रडणं प्रणिताला आत ऐकू येत होतं.

नऊ किलोचं गाठोडं पोलीस बाईला बांधलं गेलं. ती चालत आली. कोपऱ्यातला दिवा लाल झाला. "अनोळखी," आवाज म्हणाला. दार हललं नाही.

घुगेंनी रुमालाने चष्मा पुसला. "माझं काही म्हणणं नाही, युअर ऑनर. फरशीनेच म्हटलं."

प्रणिता पोलीस बाईकडे बघत राहिली. झाडाखालचं रडणं थांबलं होतं, आणि त्या शांततेत तिला ते दिसलं. गाठोडं एका हवालदाराने बांधलं होतं. संकोचाने, लांबून, छातीच्या खाली उंचावर.

"मॅडम, मी बांधू का? मूल तिथे नसतं."

न्यायाधीशांनी तिच्याकडे पाहिलं, मग गाठोड्याकडे, आणि त्यांच्या ओठांचा कोपरा किंचित हलला. "बांधा."

प्रणिताने आपली ओढणी काढली, गाठोडं बेंबीच्या खाली घेतलं आणि पाठीमागे घट्ट आवळलं. पोलीस बाई पुटपुटली, "अगं बाई, कंबरच गेली."

"आता जा. कशी जमेल तशी."

ती चालली. दिवा हिरवा झाला. "शिपाई प्रणिता खोडके. ओळख पटली." दार सरकलं.

"हरकत आहे!" घुगे ओरडले. "आरोपीने तिला शिकवून चालवलं!"

न्यायाधीश वळल्या. मागे त्यांची लघुलेखिका मीनल नोंदी घेत उभी होती, एक हात कमरेवर. नववा महिना पुढच्या आठवड्यात लागणार होता. "मीनल, तुम्हाला चालायला कुणी शिकवलंय का?"

"नाही मॅडम. मला तर उभं राहायलाच नको झालंय."

"मग जरा दारापर्यंत जाऊन या. तुमची इच्छा असेल तरच."

मीनल हसली, टॅब बाजूला ठेवला आणि निघाली. फाकलेली, जड, सावकाश पावलं.

"शिपाई प्रणिता खोडके. ओळख पटली."

त्या वेळी मात्र इंगोले मावशींनी मागे वळून पाहिलं. दारात एक अनोळखी पोरगी पोट सावरत उभी होती. मावशी तिच्याकडे बघत राहिल्या. मग खुर्चीच्या हातावर भार देऊन उठल्या, प्रणितापर्यंत आल्या आणि तिचा कान धरला, अगदी नवशिक्या शिपायाचा धरायच्या तसा.

"मले आधी काहून नाही सांगितलं, टवळे?"

"सांगितलं होतं मावशी."

"मंग मोठ्यानं काहून नाही सांगितलं?" आणि सगळ्यांसमोर त्या रडू लागल्या.

टायवाला हळूच फोन घेऊन बाहेर सटकत होता. "तुम्ही थांबा," न्यायाधीश म्हणाल्या. "तपासणी कुणी, कुणाच्या परवानगीने ढिली केली, ते मला आजच हवंय."

*

निकालाच्या दिवशी कोर्ट भरलं होतं. जयमाला आणि पारूवरचा खटला पुढे चालणार होता. वरवंटा अंगावर बांधून आणला म्हणजे हल्ला ठरवून केलेला होता, हे आता उघड झालं होतं. प्रणिता खोडके सर्व आरोपांतून निर्दोष. कामावर परत घ्यावं, थकलेल्या पगारासह.

हर्षलने डोळे पुसले. आदल्या रात्री तो एवढंच म्हणाला होता, "माझं चुकलं." ती म्हणाली होती, "हो, चुकलं." मग दोघांनी मिळून जुईचे लंगोट घडी घातले होते.

"आपल्याला काही सांगायचंय?" न्यायाधीशांनी विचारलं.

पहिल्या रांगेतून बोरगावकरांनी तिच्याकडे पाहिलं. सकाळीच ते म्हणाले होते, आभार माना आणि या, उगाच वाढवू नका, शेवटी माझ्याच हाताखाली काम करायचंय.

प्रणिता उभी राहिली. आवाज कापत होता, तो तिने कापू दिला. "मॅडम, मी वकील लावू शकले. आत त्रेचाळीस बायका आहेत. फरशी म्हणाली, ही नको तिथे उभी होती, आणि चांगल्या वागणुकीबद्दल शिक्षेतून मिळालेले त्यांचे माफीचे दिवस कापले गेले. कुणाचे वीस, कुणाचे शंभर. त्यातल्या अकरा जणींची नोंद गरोदरपणात झाली होती. एकीचा पाय नंतर मोडला. एक म्हातारी काठीशिवाय नोंदवली गेली, आता काठी घेऊन चालते. त्यांना कुणी विचारलंच नाही, तुम्ही होता कुठे म्हणून. त्यांचीही पूर्ण नोंद मागवा. मोजायला मी बसते."

घुगे उठायला लागले आणि न्यायाधीशांचा चेहरा बघून बसले.

निकालपत्रात त्या दिवशी आणखी एक परिच्छेद वाढला. केवळ फरशीच्या सांगण्यावरून दिलेली प्रत्येक शिक्षा, राज्यातल्या अकराही तुरुंगांत, पुन्हा तपासली जावी. आणि यापुढे फरशीची साक्ष एकटी कधीही पुरेशी मानू नये. फरीदाताईंनी बाकाखाली प्रणिताचा हात इतका दाबला की बांगडी पिचली.

बाहेर वऱ्हांड्यात जुई भुकेने लालबुंद झाली होती. प्रणिता तिथल्या लाकडी बाकावर बसली, ओढणी पुढे ओढली आणि तिला तिच्याखाली घेतलं. इंगोले मावशी चांगला कान तिच्या बाजूला करून शेजारी टेकल्या. पत्रकार लांब थांबले. बोरगावकर मात्र कागद घेऊन घाईघाईने आले.

"खोडके, मंत्रालयातून फोन आहे. या त्रेचाळीस जणींचं नेमकं काय, लगेच विचारतायत. काय सांगू त्यांना?"

जुईने एक डोळा उघडून त्यांच्याकडे पाहिलं आणि पुन्हा मिटला.

"थांबायला सांगा, साहेब," प्रणिता म्हणाली. "हिचं पोट भरू दे. पंधरा मिनिटं लागतात."

बोरगावकर फोन कानाला लावून, भिंतीला टेकून, थांबले.